मिनिटभराची अर्धशिशी

रजेच्या अर्जात ‘अर्धशिशी’ लिहायचं नाही, असं मुख्याध्यापकांनी मला बजावलं होतं. ‘ताप’ लिहा, ‘पोटदुखी’ लिहा, ‘घरगुती कारण’ लिहा. तापाला अंग गरम लागतं, पोटदुखीला माणूस वाकतो. अर्धशिशीचं काहीच दिसत नाही, तेव्हा ती कारणात बसत नाही.

“सर, मला ताप नव्हता,” मी म्हणाले.

“बाई, अर्ज म्हणजे शपथपत्र नव्हे.”

“मग मी शपथपत्रच लिहिते.”

मी तेव्हा वीस वर्षांची होते आणि कुणाचं ऐकून घ्यायची मला सवय नव्हती. ती सवय न लागण्याला आमचं घर जबाबदार. वडील मुंबईला गिरणीत होते. गावी परतले तेव्हा त्यांच्या ट्रंकेत कपडे कमी आणि पत्रकं जास्त होती. संपाची पत्रकं, भाववाढीची पत्रकं, बुवाबाजीच्या विरोधातली, भाषिक राज्याच्या मागणीची. आईने ती फळ्यांवर अंथरली, डब्यांखाली घातली. मी वाचायला शिकले ते त्या फळ्यांवरून, मान वाकडी करून. त्यामुळे कुणी काही सांगितलं की आधी ‘का?’ विचारायचं आणि मग बसायचं, असं माझं झालं.

गोवा मुक्त झाला त्याच्या पुढच्या वर्षीची ही गोष्ट. मालवणपासून दोनेक तासांच्या चालीवर, खाडीच्या कडेला आमचं गाव. शाळा गावकऱ्यांच्या कमिटीची. स्वतःची इमारत अर्धीच झालेली, म्हणून दोन वर्ग देवळाच्या धर्मशाळेत भरत. त्यातला एक माझा.

पहिला झटका वर्गात आला तो मी विसरणार नाही. फळ्यावर ‘कमळ’ लिहिलं आणि वाचायला गेले तर ‘मळ’. मला वाटलं, मी ‘क’ लिहायला विसरले. पुन्हा लिहिला. तो नव्हताच. खडू ठेवला तिथे खडू होता, पण त्याच्याकडे बघितलं की तो जाई. मग त्या जागी एक ठिपका उजळला. दुपारच्या पाण्यावर ऊन हलतं तसा तो हलत होता. तो वाढला, वाकला, त्याला दात फुटले. किल्ल्याचा तट वरून पाहिला तर जसा आत-बाहेर मोडत जातो, तशी एक चकाकती कमान माझ्या डाव्या बाजूला उभी राहिली आणि हळूहळू बाहेर सरकू लागली. मुलांचे चेहरे तिच्यापलीकडे अर्धे अर्धे होते. वीस मिनिटांनी ती गेली आणि डोक्याचा उजवा भाग कुणीतरी मुसळाने कांडायला घेतला. बाहेर कुणी सुकत घातलेल्या बांगड्यांचा वास मला आवाजासारखा ऐकू येऊ लागला. मी धर्मशाळेच्या कोपऱ्यात ओकले आणि तिथेच जमिनीवर आडवी झाले.

देवळाच्या आवारात, भर दिवसा, बाई जमिनीवर पडली. मुलं धावत घरी गेली आणि सांगितलं, “बाई फळ्याकडे बघून बोलत होती आणि पडली.”

गावाने बाकीचं स्वतः ठरवलं. दोन महिन्यांत असं चार वेळा झालं तेव्हा गावाची खात्रीच झाली. बाईला बाधा आहे.

मग कमिटी बसली. कमिटीचे अध्यक्ष म्हणजे देवळाचे मानकरी. जत्रेला देवासमोर गाऱ्हाणं घालण्याचा हक्क त्यांच्या घराण्याचा. आमच्याकडे गाऱ्हाणं म्हणजे कुरकूर नव्हे. गावाच्या वतीने एकजण उभा राहतो आणि देवाला मोठ्याने सगळं सांगतो: कुणाचं पोर आजारी, कुणाची होडी परतली नाही, कुणाचं लग्न अडलं. प्रत्येक वाक्याला सारा गाव “व्हय महाराजा!” म्हणतो. त्या एका हुंकारात गावाचं म्हणणं पक्कं होतं.

कमिटीचा निर्णय मुख्याध्यापकांनी मला वाचून दाखवला. जत्रेच्या दिवशी बाईंनी नारळ घेऊन देवासमोर उभं राहावं. बाधा दूर होण्यासाठी गाऱ्हाणं घालण्यात येईल. बाई उभ्या न राहिल्यास पुढील महिन्यापासून त्यांची आवश्यकता राहणार नाही.

घरी येऊन मी वडिलांना सांगितलं. मला वाटलं ते पेटून उठतील. ते विडी विझवत म्हणाले, “दोन मिन्टांचां काम गो. नारळ धरूचो, उभ्या रवाचां. मनात काय मानूचां तां कोण बघूक येता?”

“बाबा, ह्यां तुमी सांगतास?”

“पत्रक येगळां, गाव येगळो.”

“तुमी पत्रकां वाटलास ती खंयच्या गावात? आभाळात?”

आई चुलीपुढून म्हणाली, “बापाशीक उलट बोला नको,” आणि माझ्या कपाळावर सुंठीचा लेप चढवला, कारण दुसरं काय करायचं हे तिलाही ठाऊक नव्हतं. वडील बाहेर जाऊन बसले. माझा त्यांच्यावरचा राग अजून पुरता गेलेला नाही. ते दुष्ट नव्हते, थकले होते. पण थकव्यालाही मी माफ करायला तयार नव्हते.

नारळ घेऊन उभी राहिले असते तर नोकरी राहिली असती. पण मग मी आयुष्यभर ‘बाधा झालेली आणि देवाने सोडवलेली बाई’ राहिले असते, आणि पुढचा झटका आला की लोक म्हणाले असते, परत लागली. मला बाधा नव्हती. मला आजार होता. आजाराला नाव होतं. हे मला त्यांच्यापुढे सिद्ध करायचं होतं, आणि सिद्ध करायला माझ्याकडे काहीच नव्हतं. डॉक्टर कुडाळला. तो म्हणाला, “अर्धशिशी आहे, होतं बायकांना,” आणि गोळ्या दिल्या. त्याची चिठ्ठी कमिटीने वाचली आणि पानपुड्याखाली ठेवली.

जत्रेच्या आधी आमच्याकडे कापलेल्या भातशेतात तंबूचा सिनेमा येई. त्या वर्षी मी पहिल्या रात्री गेले. मध्येच फिल्म अडकली. पडद्यावर नायक होता, त्याच्या गालाला एक तपकिरी डाग पडला, डाग उकळला, कडा पेटल्यासारख्या झाल्या आणि मग सगळं पांढरं. लोक शिट्ट्या मारू लागले. मी मात्र खुर्चीला धरून बसले होते. जे मी कुणालाच सांगू शकले नव्हते ते पन्नास लोकांच्या समोर, कापडावर, घडलं होतं. माझ्या डोक्यातलं, पण बाहेर.

दुसऱ्या सकाळी मी ऑपरेटरकडे गेले. पन्नाशीचा माणूस, मशीनला रोज फूल वाहणारा, बोटांना चिकटवायच्या द्रवाचा वास. मशीनजवळच्या टोपलीत फिल्मचे तुकडे पडले होते. फाटलेले, रिळांच्या सुरुवातीचे काळे, जुन्या पिक्चरांचे झिजलेले.

“ह्यां माका देशात?” मी विचारलं.

“बाईनू, कचरो तो. न्हेवा. पण करतालास काय?”

“माझी अर्धशिशी दाखवतलंय. पडद्यार.”

तो हसू लागला. “लोक हयसर डोकेदुखी इसरूक येतत, आणि तुमी ती दाखवतालास?”

पण माणूस कारागीर होता. काय करायचंय ते समजल्यावर त्याचं हसू गेलं आणि तो शिकवू लागला. फिल्मच्या कडेला भोकं असतात. चार भोकांमध्ये एक चित्र, त्याला तो घर म्हणे. चोवीस घरं पळाली की एक सेकंद. मंद बाजूवर मसाला असतो, तो ओला करून सुईने खरवडला की तिथून उजेड जातो. आणि चित्राच्या बाजूला जी बारीक पट्टी दिसते ती आवाजाची.

“हयसर ओरखडो मारलास तर ठक वाजतलां. पण आवाजाची पट्टी चित्राच्या वीस घरां फुडे ठेवची लागता. तां इसारलास तर पिक्चरातलो माणूस मार खाता आणि मगे सावकाश बोंबलता.”

एका मिनिटाला नव्वद फूट. नव्वद फुटांत चौदाशेच्या वर घरं. जत्रेला अकरा दिवस होते.

शाळा सुटली की मी घरी पडवीत बसायची. मांडीवर पाट, पाटावर फिल्म, हातात गोधडी शिवायची सुई. आधी एकेका घरात एकच टिंब. पुढच्या घरात ते केसभर डावीकडे. पुढच्यात थोडं मोठं. मग त्याला दात. दात प्रत्येक घरात वेगळे हवेत, कारण ती कमान कधी स्थिर नसते, ती कुरतडत असते. पन्नास घरं केली तरी जेमतेम दोन सेकंद होतात हे कळलं आणि रडू आलं. मग राग आला आणि रागाने पुढची शंभर झाली.

काळा तुकडा संपला तेव्हा मी जुन्या पिक्चरांचे तुकडे जोडले. ते सोड्याच्या कोमट पाण्यात घालून मसाला काढला आणि माझ्या स्वतःच्या बाटलीतल्या तांबड्या शाईत बुडवले. शाळेची बाटली वापरली नाही, कारण कमिटीला बोलायला जागा द्यायची नव्हती. तांबडा भाग म्हणजे दुखणं. त्यात कमान नव्हती, फक्त ओरखडे, आणि आवाजाच्या पट्टीवर बारा-बारा घरांआड एक जाड घाव. एका तुकड्यावर मसाला पुरता निघाला नाही आणि कुण्या नायिकेचा अर्धा चेहरा राहून गेला. एक डोळा, अर्धं कपाळ. ऑपरेटर म्हणाला, “ह्यां काढा, शिट्टी पडतली.” मी म्हणाले, राहू दे. मला माणसं तशीच दिसतात.

मध्ये एक झटका आला. पण या वेळी मी डोळे मिटून पडले नाही. पडवीत बसून मी त्याच्याकडे बघितलं आणि मोजलं. टिंब कुठून सुरू झालं, दात कधी फुटले, डावीकडे जायला किती श्वास लागले. आजारी माणसाने आपल्या आजारावर नजर ठेवण्यात एक वेगळीच ताकद असते. त्या दिवशी मी ओकले, पण हरले नाही. दुसऱ्या दिवशी मी मधली दीडशे घरं कापून काढली आणि टोपलीतून नवा काळा तुकडा आणून पुन्हा केली, कारण मी कमान फार लवकर पळवली होती.

ऑपरेटरने तुकडे जोडून दिले. जत्रेच्या आदल्या दिवशी, पहिल्या खेळाआधी, मी कमिटीला तंबूत बोलावलं. मुख्याध्यापक येईनात, तेव्हा मी म्हणाले, “सर, मला काढायच्या आधी माझा पुरावा बघणं तुमचं कर्तव्य आहे.” कर्तव्य हा शब्द त्यांना लागू पडे. पाच कमिटीवाले, मुख्याध्यापक आणि फुकटात काहीतरी आहे असं ऐकून जमलेले तीस-चाळीस लोक. माझे वडील अगदी मागे, खांबाला टेकून.

कुणीतरी टोमणा मारला, “बाईनू, एवढ्या येळात सात नारळ फुटले असते!” लोक हसले.

मी पडद्यासमोर उभी राहिले आणि म्हणाले, “मला वर्गात काय होतं ते आता तुम्ही बघा. मिनिटभरच आहे. मला ते वीस मिनिटं दिसतं.”

तंबूमागचं विजेचं इंजिन धडधडलं, मशीन सुरू झालं.

काळं. मग टिंब. कुणीतरी हसलं. टिंब हललं, फुगलं, दात फुटले आणि ती कमान कापडभर करकरत सरकू लागली. माझ्या हाताच्या चुकांनी ती खऱ्यापेक्षाही वेडीवाकडी झाली होती, थरथरत होती. कुणीतरी तोंडावर हात घेतला. मग झटकन तांबडं, आणि भोंग्यातून ठक, ठक, ठक. त्या अर्ध्या चेहऱ्यावर शिट्टी पडली नाही. लहान पोरांनी डोळे झाकले. आणि एकदम पांढरं, आणि पट्टी संपल्याचा फडफड आवाज.

 मला वाटलं, झालं. कळलं यांना.

तेवढ्यात मानकरी उठले. ते पडद्याकडे नाही, मशीनकडे गेले. दोन पावलांवर थांबून त्यांनी हात जोडले. “नारळ हाडा रे कोणीतरी.”

नारळ आला. जत्रेच्या आदल्या दिवशी आमच्या गावात नारळ दहा पावलांवर मिळतो. मानकऱ्यांनी तो मशीनसमोर धरला आणि त्यांचा तो आवाज, जो मी लहानपणापासून देवळात ऐकला होता, तंबूत घुमला. “बा देवा महाराजा, ह्या चेडवाक सोडून जां काय ह्या मशीनीत येवन बसलां असात, तां आपल्या थाऱ्याक जांव दे रे महाराजा!”

“व्हय महाराजा!” सगळा तंबू म्हणाला.

मला क्षणभर कळेना की हे काय चाललंय. मग कळलं. त्यांनी माझ्यावर विश्वास ठेवला होता. जे बाईला दिसतं ते मशीनलाही दिसलं, म्हणजे ते बाईला सोडून मशीनमध्ये गेलं. बाई मोकळी.

मुख्याध्यापक माझ्या कानाशी आले. “बाई, आता एक शब्द बोलू नका. सुटलात तुम्ही. गाऱ्हाणं झालं, तुम्हाला उभंही राहावं लागलं नाही.”

ते खरं होतं. मी गप्प बसले असते तर सगळं मिळालं असतं. नारळ माझ्या हातात नव्हता, डोकं मी वाकवलं नव्हतं, नोकरी शाबूत.

ऑपरेटर मात्र पांढरा पडला होता. “अहो मानकऱ्यांनू, माझी मशीन बरी आसा! तिका बाधा झाली म्हणान पसारलां, तर उद्या तंबूत कोण येतलो?”

त्याच्याकडे कुणी बघतही नव्हतं. मी बघितलं.

“थांबा,” मी ओरडले. “ह्यां बाधा नाय. मशीनीत काय एक नाय. ह्यां मी माझ्या हातान कोरलंय. सुईन.” मी पिशवीतून सुई काढली, कापून टाकलेली काळी पट्टी काढली आणि मानकऱ्यांच्या हातात दिली. त्यांनी ती कंदिलासमोर धरली. बारीक टिंबं, एकाखाली एक. त्यांनी अंगठ्याने चाचपली.

“म्हणजे तू आमका फसवलंस?” ते म्हणाले. आवाज गाऱ्हाण्याचा नव्हता.

“फसवूचां असतां तर आता गप बसलंय असतंय. सर माका तांच सांगत होते.”

मुख्याध्यापक घसा खाकरू लागले.

“पण तू हातान केलंस तां खोटां.”

“तुमी होडी हरवली म्हणान देवाक सांगतास, तेव्हा होडी तुमच्या तोंडात असता काय? तुमी सांगतास तुमच्या शब्दांनी. माका शब्द पुरले नाय म्हणान मी सुई घेतलंय. माका दिसता तां खरां, आणि तो आजार आसा. जसो मलेरिया. मलेरियाक तुमी गोळी घेतास, मशीनीक नारळ दाखवत नाय.”

कुणीतरी मागून हसलं. मला वाटतं ते माझे वडील असावेत, पण त्यांनी कधी कबूल केलं नाही.

मानकरी पट्टी बोटांत फिरवत राहिले.  मी आत्ताच हातातली सुटका फेकून दिली होती.

“ह्यां येता तेव्हा किती वेळ ऱ्हवता?” त्यांनी विचारलं.

“ही कमान वीस मिन्टां. मगे दुखणां संध्याकाळपर्यंत. कधी दुसऱ्या दिवसापर्यंत.”

“आणि ही वीस मिन्टां तू पोरांका शिकवत ऱ्हवतस?”

“शिकवतंय. अक्षर दिसत नाय तेव्हा पाढे घेतंय.”

दोन महिन्यांत हा प्रश्न मला कुणीही विचारला नव्हता. डॉक्टरनेही नाही. मानकऱ्यांनी नारळ फोडला नाही, तो तसाच ऑपरेटरच्या हातात दिला आणि म्हणाले, “आमटीक घाल.” मग ते बाहेर गेले आणि कमिटी त्यांच्या मागे गेली.

जत्रेनंतर कमिटी बसली. मी बाहेर व्हरांड्यात उभी होते, दार लोटलेलं होतं, पण मुख्याध्यापकांचा आवाज दारातून सहज येत असे. त्यांचं म्हणणं, ठराव झालेला आहे. बाई देवासमोर उभ्या राहिल्या नाहीत. ठरावाप्रमाणे त्यांना काढणं भाग आहे, नाहीतर कमिटीचा धाक राहणार नाही.

“ठरावात काय लिवलां हा?” मानकरी.

“बाधा दूर होण्यासाठी गाऱ्हाणं घालण्यात येईल, त्या वेळी बाईंनी उभं राहावं.”

“घालतलो कोण?”

“आपणच. आपला मान आहे.”

“मगे जत्रेत देवासमोर मी तां घातलंय नाय. घालूचंय नाय. गाऱ्हाणांच झालां नाय, तर ती उभी रवली नाय म्हणान तिका काढतलास कशी?”

आत ठराववहीचं पान उलटलं. मग टाक दौतीत बुडवल्याचा आवाज आला.

मानकऱ्यांना माझं म्हणणं पटलं होतं का? मला आजही खात्री नाही. ते त्यानंतरही दर जत्रेला देवाला सगळ्यांची दुखणी सांगत राहिले, आणि मी दर जत्रेला तिथे न जाता राहिले. आम्ही कधी त्या विषयावर बोललो नाही. पण त्यांच्या हक्काची एक गोष्ट त्यांनी माझ्यासाठी केली नाही, आणि आमच्या गावात मानकऱ्याने मान न वापरणं ही छोटी गोष्ट नाही. मी त्यांच्याशी सहमत नाही आणि त्यांची ऋणी आहे. दोन्ही गोष्टी मी एकत्र सांभाळते.

पुढचा झटका महिन्याभराने आला, शाळेच्या वेळेत, तिसरीच्या वर्गात. या आधी मी भिंतीकडे तोंड करून उभी राहायची, आवाज सरळ ठेवायची, कुणाला कळू नये म्हणून पाढे लांबवायची. त्या दिवशी मी तसं केलं नाही. मी मुलांना सांगितलं, “मला आता अर्धशिशी आली आहे. थोडा वेळ मला नीट दिसणार नाही, मग डोकं दुखेल. मरत नाही मी. तुम्ही धडा वाचा, मोठ्याने नको.”

मी टेबलावर डोकं ठेवलं. मुलं कुजबुजत वाचू लागली. धर्मशाळेचं दार देवळाच्या आवारात उघडतं. बायका फुलं घेऊन जात होत्या, थांबत होत्या, आत डोकावत होत्या. उजेड डोळ्यात घुसत होता. एका मुलीने उठून विचारलं, “बाई, दार लावू?”

“खिडकी लाव,” मी म्हणाले. “दार राहू दे उघडं.”